हाडं सांगतात तेवढंच सांग
ऐतिहासिक माहितीपटाचं काम पहिल्यांदाच घेतेयस, तर १४८५ साली लढाईत मारला गेलेला इंग्लंडचा राजा तिसरा रिचर्ड, त्याचं प्रकरण आधी नीट वाच. २०१२ साली लेस्टरच्या कार पार्कखाली सापडलेल्या त्याच्या सांगाड्यावर मृत्यूच्या सुमाराच्या ११ जखमा दिसल्या, त्यातल्या ९ कवटीवर. घाव कशा प्रकारच्या शस्त्राचे, हे त्यावरून सांगता येतं. कोणी घातले, हे नाही. दिग्दर्शक नेमकं तेच विचारेल. तिथे ठाम राहा. आजच्या नातेवाइकांशी ताडून पाहिल्यावर मातृवंशाचा डीएनए जुळला, पितृवंशाचं (बापाकडून मुलाकडे जाणारं) वाय गुणसूत्र जुळलं नाही, आणि २०१४च्या शोधनिबंधात दोन्ही छापलं गेलं. मला हे फार मोलाचं वाटतं. चेहऱ्याच्या प्रतिकृतीला आधी गडद केस दिले होते. डीएनएचा कल मात्र सोनेरी केस आणि निळ्या डोळ्यांकडे निघाला. म्हणून मोजलेलं काय आणि अंदाज कुठला, हे निवेदनाच्या संहितेतच स्पष्ट लिहून घे, संकलन सुरू व्हायच्या आत.