पर्माफ्रॉस्ट वितळल्याने तिथल्या लोकांना खरोखर मानसिक त्रास होतो का? गाव हलवले की तो संपत नाही का?

त्रास खरा आहे, आणि माझ्या मते स्थलांतराने तो पूर्णपणे संपत नाही.

सलग किमान दोन वर्षे शून्य अंश सेल्सिअस किंवा त्याखाली राहणाऱ्या जमिनीला पर्माफ्रॉस्ट म्हणतात. तिच्यातील बर्फ वितळला की जमीन खचते, घरे कलतात, नदीकाठ ढासळतो. अलास्काच्या उत्तर टोकावरील उत्कियाग्विक येथे इनुपियात हे तिथले मूळनिवासी लोक देवमाशाचे मांस पिढ्यानपिढ्या गोठलेल्या जमिनीत खोदलेल्या तळघरांत साठवत आले आहेत; त्यांतील काही तळघरांत आता पाणी शिरते. हे मांस गावात वाटून खाल्ले जाते, त्यामुळे तळघर निकामी झाले की घरोघरचे देणेघेणेही अडते.

याहून खोल दुखणे मला वेगळे वाटते. बर्फ कुठे पक्का, वाट कुठून सुरक्षित, हे वडीलधाऱ्यांनी नातवंडांना शिकवायचे असते, आणि जमीनच बदलत गेली की त्या जाणत्या माणसांना स्वतःच्या सांगण्याची खात्री उरत नाही. संशोधक ॲशली कन्सोलो यांनी कॅनडातील लॅब्राडोरच्या इनुइट या मूळनिवासींच्या वस्त्यांमध्ये केलेल्या अभ्यासात, जमिनीवर आणि समुद्री बर्फावर पूर्वीसारखे जाता येत नसल्याने लोकांनी दुःख, चिंता आणि आपली ओळखच हरवत असल्याची भावना बोलून दाखवली. वितळत्या जमिनीतून बाहेर पडणाऱ्या कार्बनच्या आकड्यांची चर्चा आपण करतो, ती आवश्यकच आहे. पण या माणसांचे म्हणणे तिच्यात फारच क्वचित ऐकू येते, याची मला खंत वाटते.

आता स्थलांतराविषयी. पश्चिम अलास्कातील न्यूटोक या युपिक मूळनिवासींच्या गावाचा काठ निंग्लिक नदी गिळत गेली. नव्या जागेसाठी जमिनीच्या अदलाबदलीला अमेरिकी काँग्रेसने 2003 मध्ये मंजुरी दिली, तरी पहिली कुटुंबे मर्टार्विक या नव्या जागी राहायला गेली ती 2019 मध्ये. मधल्या काळात अर्धे मन जुन्या घरात आणि अर्धे नव्या जागेत, अशा स्थितीत मुले वाढली. पुढे गावाचेच दोन ठिकाणी तुकडे झाले आणि मागे राहिलेल्यांना आणखी काही वर्षे त्याच खचत्या जमिनीवर काढावी लागली. तरीही हे लोक असहाय नव्हते. नवी जागा त्यांनी स्वतः निवडली होती, आणि आपला निर्णय आपण घेतला ही जाणीव मनाला मोठा आधार देते, असे मला वाटते. अलास्कातीलच शिशमारेफ या बेटावरील गावाच्या रहिवाशांनी मात्र 2002 आणि 2016 असे दोनदा गाव हलवण्याच्या बाजूने मतदान केले, आणि पुरेशा पैशाअभावी ते गाव अजूनही त्याच झिजत्या बेटावर आहे.