लुसाकात चिनी कंपनीची नोकरी: हो म्हणण्याआधी

तुम्ही लिहिलंत की नाशिककडे रस्त्यांच्या कामावर बिलिंग आणि प्लॅनिंग केलंय, आता झांबियाची राजधानी लुसाका इथल्या एका चिनी कंत्राटदाराची ऑफर आली आहे आणि पगार डॉलरमध्ये आहे. घरच्यांचं म्हणणं मात्र असं की झांबिया चीनने केव्हाच विकत घेतला, देश दिवाळखोर आहे, तिथे जाऊन काय करणार? मी आधी किटवेला होतो, म्हणजे तांब्याच्या खाणींच्या पट्ट्यात, आणि आता बरीच वर्षं लुसाकात आहे. माझं मत आधीच सांगतो: या. पण ऑफर लेटरवरचा आकडा बघून नाही. तुम्हाला ज्या कामावर घेतायत, त्याचे पैसे शेवटी कोणाच्या खिशातून येणार, हे आधी काढा. इथे सगळं त्यावर अवलंबून आहे.

घरच्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे, पण अर्धंच. विमानातून उतराल ते नवं टर्मिनल चिनी कंपनीने बांधलंय, सुमारे 36 कोटी डॉलरच्या चिनी कर्जातून. 2021 मध्ये उघडलं. काफुए नदीवरचा 750 मेगावॉटचा वीजप्रकल्प चिनी कंपनीने बांधलेला. उत्तरेकडच्या एनडोला शहरातलं स्टेडियम, लुसाकातलं मोठं हॉस्पिटल, तेही चिन्यांनी बांधलेलं. पण इथल्या म्हाताऱ्या माणसाशी चीनबद्दल बोललात तर तो आधी ताझारा रेल्वेचं नाव काढतो. दक्षिणेला ऱ्होडेशियात, म्हणजे आजच्या झिंबाब्वेत, गोऱ्यांची राजवट होती आणि झांबियाचं तांबं समुद्राकडे जायचं ते मुख्यतः तिकडून. टांझानियातल्या दार-एस-सलाम बंदरापर्यंत स्वतःची रेल्वे हवी म्हणून झांबियाचे पहिले राष्ट्राध्यक्ष केनेथ कौंडांनी पाश्चात्यांकडे पैसे मागितले, तेव्हा ही लाइन परवडणार नाही असं उत्तर मिळालं. चीन त्या वेळी स्वतः गरीब होता, तरी 1970 ते 1975 मध्ये त्याने 1,860 किलोमीटरची लाइन टाकून दिली, बिनव्याजी कर्जावर. त्या कामात मेलेल्या चिनी कामगारांच्या कबरी आजही इथल्या मातीत आहेत. हे ठाऊक नसेल तर इथला माणूस एकाच वाक्यात चिन्यांवर चिडतो आणि त्यांना मित्रही म्हणतो, ते तुम्हाला कळणार नाही.

कर्जाचं प्रकरण नंतरचं. 2012 ते 2015 दरम्यान झांबियाने डॉलरचे रोखे काढून तीन अब्ज उचलले, म्हणजे पाश्चात्य गुंतवणूकदारांकडून. त्याच काळात चिनी बँकांकडून रस्ते, विमानतळ, वीज यांसाठी कर्जं घेतली. चिनी कर्जाची पद्धत ठरलेली: पैसे चीनच्या सरकारी एक्झिम (निर्यात-आयात) बँकेचे, काम चिनी कंत्राटदाराला, बरंचसं सामानही तिकडचं. पैसा झांबियाच्या तिजोरीला हातही न लावता चिनी कंत्राटदाराच्या खात्यात जातो, फेडायचा मात्र झांबियाने. जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाच्या अभ्यासकांनी 2021 मध्ये हिशेब मांडला तेव्हा चिनी देणं सुमारे 6.6 अब्ज डॉलर निघालं, आधीच्या सरकारने सांगितलेल्या आकड्याच्या जवळपास दुप्पट. नोव्हेंबर 2020 मध्ये सव्वाचार कोटी डॉलरचा व्याजाचा हप्ता चुकला आणि देश बुडीत निघाला. रोखेधारक सवलत द्यायला तयार नव्हते, कारण चिन्यांशी काय अटी ठरल्यात हे त्यांना कळत नव्हतं. आपण सूट दिली तर तो पैसा चीनकडे जाईल अशी त्यांना भीती. मला यातली सगळ्यात वाईट गोष्ट कर्ज वाटत नाही, ही गुप्तता वाटते. ज्यांच्या नावावर कर्ज, त्यांनाच त्याच्या अटी माहीत नाहीत, हे कुठल्याही देशात होऊ नये.

2021 मध्ये हाकाइंडे हिचिलेमा राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून आले, नाणेनिधीचं 1.3 अब्जांचं कर्ज मंजूर झालं आणि जून 2023 मध्ये कर्ज दिलेल्या देशांशी 6.3 अब्जांच्या कर्जाच्या परतफेडीची फेरआखणी ठरली. त्यातला सर्वांत मोठा वाटा चीनच्या एक्झिम बँकेचा. म्हणजे तुम्ही येताय तो देश सावरतोय. पण दरम्यान काय झालं ते बिलिंगवाल्या माणसाने ऐकावं. सरकारने चिनी कर्जावरची अनेक कामं थांबवली. आपल्याकडच्या आरए बिलासारखं, म्हणजे झालेल्या कामाचे टप्प्याटप्प्याने पैसे मिळायला, इथे इंटरिम पेमेंट सर्टिफिकेट असतं, सगळे आयपीसीच म्हणतात. आयपीसीवर काम तपासणाऱ्या कन्सल्टंटची सही व्हायची, फाइल मंत्रालयात जायची आणि तिथेच राहायची. साइटवर ग्रेडर नुसते उभे. आधी रोजंदारीची माणसं गेली, मग स्थानिक पोटकंत्राटदार गेले, ज्यांनी घर गहाण टाकून टिपर घेतले होते, आणि मग आमच्यासारख्या परदेशी स्टाफचे पगार दोन-दोन महिने लांबायला लागले. चिनी मॅनेजर मात्र बेइजिंगच्या आदेशाने दुसऱ्या देशातल्या साइटवर हलले.

लुसाका–एनडोला रस्त्याचं उदाहरण बघा, तुमच्याच लाइनीतलं आहे. 2017 मध्ये तो दुपदरी करायचं काम चिनी कंपनीला 1.2 अब्ज डॉलरला दिलं होतं. लोकांनी किमतीवरून प्रचंड ओरड केली, काम बारगळलं. 2023 मध्ये तोच रस्ता, 327 किलोमीटर, 57.7 कोटी डॉलरला ठरला. कंपन्या पुन्हा चिनीच, पण या वेळी टोलवर, 25 वर्षांच्या कन्सेशन कराराने, म्हणजे कंपनीने बांधायचा आणि टोलमधून पैसे वसूल करायचे, आणि त्यात झांबियाच्याच पेन्शन फंडाचा पैसा आहे. किंमत निम्म्यावर आली ती चीनचं मन बदललं म्हणून नाही, समोरचा वाटाघाटीला नीट बसला म्हणून. तुमची ऑफर अशा टोलच्या कामावरची असेल तर मला कमी काळजी वाटेल. सरकारी बजेटमधून पैसे येणारं काम असेल तर मागची आयपीसी किती महिन्यांची थकली आहे ते विचारा. चिनी एचआरला नको, तिथल्या झांबियन क्वांटिटी सर्व्हेअरला, म्हणजे कामाची मोजणी आणि बिलं बघणाऱ्याला, विचारा.

चीनच्या इथल्या राजकीय दबदब्याबद्दलही विचारलंत. आहे, नाकारण्यात अर्थ नाही. 2006 च्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत विरोधी नेते मायकल साटा चिन्यांविरुद्ध बोलत होते, तेव्हा हे जिंकले तर गुंतवणूक थांबेल असं चिनी राजदूताने उघड सुनावलं. साटा हरले, 2011 मध्ये जिंकले, आणि मग चिनी गुंतवणूकदारांना जेवायला बोलावलं. 2018 मध्ये चीनच्या प्रभावावर भाषण द्यायला आलेल्या केनियाच्या प्राध्यापक लुमुम्बांना विमानतळावरूनच परत पाठवलं. त्याच वर्षी सरकारी लाकूड कंपनी चिन्यांना विकली अशी अफवा उठली आणि किटवेत चिनी दुकानं फुटली. अशा दिवशी परदेशी माणसाने रस्त्यावर जाऊ नये, इतकंच सांगतो.

खाणींकडचा राग जास्त खोल आहे आणि तो मला योग्य वाटतो. 2005 मध्ये तांब्याच्या पट्ट्यातल्या चांबिशीला चिनी मालकीच्या स्फोटकांच्या कारखान्यात स्फोट होऊन जवळपास पन्नास तरुण कामगार गेले. 2010 मध्ये दक्षिणेतल्या एका कोळसा खाणीत पगारासाठी आंदोलन करणाऱ्यांवर चिनी मॅनेजरांनी गोळ्या झाडल्या, डझनभर जखमी झाले, आणि पुढच्या वर्षी खटलाच मागे घेतला गेला. फेब्रुवारी 2025 मध्ये एका चिनी कंपनीचा ॲसिडच्या गाळाचा बांध फुटला, विष काफुए नदीत गेलं आणि किटवेसारख्या मोठ्या शहराचं पाणी बंद करावं लागलं. मासे मेले, काठावरची मक्याची शेतं करपली. हे वाचून आपण भारतीय वेगळे, असं मात्र समजू नका. वेदांताने 2004 मध्ये इथली मोठी खाण कंपनी घेतली, आणि तिच्या प्रदूषणासाठी खाणीजवळच्या चिंगोलाच्या गावकऱ्यांना लंडनमध्ये दावा लावता येईल असा निकाल ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये दिला. इथल्या कामगाराला मालक बेइजिंगचा की मुंबईचा यात फरक वाटत नाही. तो बघतो की हेल्मेट दिलं का, पगार तारखेला झाला का.

आता रोजचं. चिनी कंपन्या आपल्या माणसांना का घेतात, तर करार फिडिकचा, म्हणजे बांधकामाच्या आंतरराष्ट्रीय नमुन्याचा असतो, पत्रव्यवहार इंग्रजीत, आणि कन्सल्टंटशी भांडायला इंग्रजी येणारा माणूस लागतो. तुम्ही मधोमध असणार. पोटकंत्राटदार खोदाईचा मेजरमेंट शीट घेऊन येईल, चिनी साइट इंजिनिअर त्यातले दोनशे घनमीटर सरळ कापेल, आणि कागदावर सही तुमची असेल. अशा वेळी टेप घेऊन स्वतः खड्ड्यात उतरून मोजायचं, मग बोलायचं. तुमच्या एका सहीवर तिथल्या तीस घरांचं महिन्याचं मक्याचं पीठ असतं. निरोप सगळे वीचॅटवर येतात, बैठकीत दुभाषी असतो, कँपमध्ये राहायची सोय असते. रविवारची सुट्टी असतेच असं नाही, ती करारात लिहून घ्या.

एम्प्लॉयमेंट परमिट हातात आल्याशिवाय कामाला सुरुवात करू नका. "बिझनेस व्हिसावर या, नंतर बघू" म्हणणाऱ्या कंपनीला सरळ नाही म्हणा, कारण इमिग्रेशनची धाड पडते तेव्हा डिपोर्ट तुम्ही होता. इंजिनिअरला इथल्या इंजिनिअरिंग इन्स्टिट्यूशनची नोंदणी सक्तीची आहे, त्यासाठी पदवीची कागदपत्रं साक्षांकित करून आणा. पगार डॉलरमध्ये लिहिलाय, पण खात्यात क्वाचात, म्हणजे इथल्या चलनात, येणार असेल तर कोणत्या दिवसाचा दर धरणार ते विचारा. तांब्याचा भाव हलला की क्वाचाही हलतो. 2024 च्या दुष्काळात वीज देणाऱ्या करिबा धरणाचं पाणी आटलं आणि दिवसाचे बहुतेक तास वीज नव्हती, म्हणून घर बघताना सोलर आणि बोअरवेल बघा. डाळी, पीठ, मसाले लुसाकात गुजराती दुकानांत सगळं मिळतं. मलेरियाचा ताप अंगावर काढायचा नाही, त्याच दिवशी टेस्ट.

कुटुंब पहिले सहा महिने नको, परमिट आणि दोन-तीन पगार वेळेवर होऊ द्या. ऑफर लेटरमधली पगाराची, नोटिशीची आणि परतीच्या तिकिटाची कलमं मला पाठवा, नाव-पत्ता झाकून. वाचून कळवतो.