वाऱ्याचा पंडित उडवतो कुणाला?
कथालेखन : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : कादंबरीत वायुविद्येचा काल्पनिक पंडित आहे. तो हात उचलतो आणि शत्रूचे सैनिक उडून जातात. वाचणारे म्हणतात, पटत नाही. (एक वाचक, श्रीवर्धन)

उत्तर : मंत्र पटतो हो, वारा पटत नाही. ताशी ७२ किलोमीटरचा वारा समोरच्या एक चौरस मीटरवर साधारण २४ किलो वजनाएवढा रेटा देतो. उभ्या माणसाची वाऱ्याला अडणारी बाजू अर्धा-पाऊण चौरस मीटर, म्हणजे त्याच्या वाट्याला बारा ते अठरा किलो. तो वाकून चालेल, फार तर धडपडेल. वेग दुप्पट केला की रेटा चौपट होतो. १४४ वर माणूस आडवा पडेल. पण अधांतरी उचलायचा तर वारा खालून आणि ताशी दोनशेच्या आसपास हवा. विमानातून उडी मारलेला माणूस पॅराशूट उघडण्याआधी पालथा पडत असतो तेव्हा साधारण याच वेगावर स्थिरावतो. हिशेब तोच, फक्त उलटा.

तेव्हा प्रसंगात क्रम पाळा. आधी धूर आडवा होतो, मग पानं, धूळ, छत्री, कौलं आणि पत्रे. माणूस सगळ्यात शेवटी. ३ जून २०२० चं निसर्ग वादळ तुमच्याच किनाऱ्यावर ताशी ११० ते १२० किलोमीटरच्या वाऱ्याने आलं. सुपारीच्या बागा आडव्या झाल्या, पण माणसं पतंगासारखी उडाली नाहीत.

पंडिताला शक्तीपेक्षा वाऱ्याची जाण जास्त द्या. दिवसा समुद्राकडून येणारे खारे वारे, रात्री जमिनीकडून समुद्राकडे जाणारे मतलई. रात्री गलबत बंदरात ओढून आणायला सांगितलं तर त्याने चक्क नकार द्यावा. आणखी एक युक्ती अगदी खरी आहे. उत्तर गोलार्धात मोकळ्या जागी वाऱ्याकडे पाठ करून उभं राहिलं की कमी दाबाचं क्षेत्र डाव्या हाताला येतं. बाइस बॅलट या डच शास्त्रज्ञाने हा नियम १८५७ मध्ये मांडला. पंडिताने सड्यावर, म्हणजे कोकणातल्या उघड्या कातळपठारावर, उभं राहून नुसता डावा हात लांब करावा आणि 'वादळ तिकडे' म्हणावं. दरबाराला ती जादूच वाटेल.

प्रश्न : वारा साठवायला पिशवी द्यावी की दोरी?

उत्तर : दोन्ही जुन्याच. होमरच्या 'ओडिसी'त बैलाच्या कातड्याची, चांदीच्या दोरीने बांधलेली पिशवी आहे. आत सोनं असेल म्हणून खलाशी ती सोडतात. उत्तर युरोपात खलाशांना तीन गाठींची दोरी विकत असत, असं ओलाउस माग्नुस हा स्वीडिश लेखक १५५५ च्या ग्रंथात सांगतो. पहिली गाठ सोडली की मंद वारा, दुसरीला जोराचा, तिसरीला वादळ. आमचं मत दोरीला. गाठी मोजता येतात, त्यामुळे वाचक आपोआप तिसरीची वाट बघतो. दोरी सुती ठेवा. भिजली की गाठ घट्ट बसते आणि नखांनी सुटत नाही. ऐन वेळी विद्या फसायला एवढं कारण पुरे.

प्रश्न : शेवटी पंडिताविषयी 'त्यांचं कार्य अमर झालं' असं लिहिलंय. चालेल?

उत्तर : ते वाक्य काढा. वारसा दाखवायचा तर पंडिताच्या लिखाणात नंतरच्यांनी केलेली ढवळाढवळ दाखवा. ब्यूफोर्ट या ब्रिटिश नौदल अधिकाऱ्याने १८०५ मध्ये वाऱ्याच्या जोराची मोजपट्टी केली ती युद्धनौकेच्या शिडांवरून. जमिनीवरची लक्षणं १९०६ मध्ये सिम्पसन या ब्रिटिश हवामानशास्त्रज्ञाने जोडली. नाव मात्र ब्यूफोर्टचंच राहिलं.

पोथीचा साचा हवा असेल तर वराहमिहिराच्या 'बृहत्संहिते'त वातचक्राचा अध्याय आहे : आषाढी पौर्णिमेला सूर्यास्ताच्या वेळी वारा कुठून वाहतो ते पाहून पावसापाण्याचं भाकीत. तसंच आठ दिशांची आठ पानं करा, आणि नैर्ऋत्येचं पान वाळवीला द्या. कोकणातला शिष्य ते आपल्या अनुभवावरून पुन्हा लिहितो, 'नैर्ऋत्येचा वारा आला की धो धो पाऊस.' किनाऱ्यावर ते खरं. पण पोथी घाट चढून माणदेशात जाते. तिथे सह्याद्रीने ढगांतलं पाणी आधीच काढून घेतलेलं असतं. वारा तोच, पण कोरडा. पेरणी करून बसलेले शेतकरी मेलेल्या पंडिताला शिव्या घालतात. तुमचं शेवटचं प्रकरण तिथून सुरू करा.