१९३८-३९ मध्ये ज्यू कुटुंबं व्हिसाशिवाय शांघायला जाऊ शकत होती, हे खरं आहे का?

हो, खरं आहे. १९३७ मध्ये जपानने शहराचा चिनी भाग घेतल्यावर शांघायच्या धक्क्यावर पासपोर्ट तपासणारं कोणी उरलंच नव्हतं. खरी गोची होती ती निघताना. नाझींच्या ताब्यातल्या व्हिएन्नातून बाहेर पडायचं किंवा घरच्या माणसाला डाखाऊच्या छळछावणीतून सोडवायचं, तर दुसरीकडे जायची सोय असल्याचा कागद दाखवावा लागे. म्हणून व्हिएन्नातले चिनी वाणिज्यदूत हो फेंग-शान यांनी शांघायचे व्हिसा दिले. शांघायला उतरायला या व्हिसांचा काही उपयोग नव्हता, सुटायला मात्र होता! मग इटलीतल्या जेनोआ किंवा त्रिएस्त बंदराहून बोट, आणि माणशी फक्त १० मार्क खिशात. त्याहून जास्त रोकड नाझी नेऊच देत नसत. असे १७ ते २० हजार लोक तिथे पोचले.

फक्त 'मुक्तद्वार' हा शब्द जपून वापरा. ऑगस्ट १९३९ पासून प्रवेशावर निर्बंध आले, आणि फेब्रुवारी १९४३ मध्ये जपान्यांनी १९३७ नंतर आलेल्या या देशहीन निर्वासितांना होंगक्यू भागातल्या जेमतेम चौरस मैलभराच्या वस्तीत राहायला लावलं. तिथून कामासाठी बाहेर पडायचं तरी पास लागे.