फिगर स्पर्धेत प्रो होऊन करिअर करता येतं का?

भाचीला फिगर प्रो, म्हणजे शरीरसौष्ठवाच्या स्पर्धांतल्या फिगर या बायकांच्या गटात व्यावसायिक खेळाडू व्हायचंय, घरचे घाबरलेत, यात पोट भरतं का आणि त्या बायकांचं आयुष्य असतं तरी कसं, असं विचारलंय तुम्ही. मी पुण्यात बायकांना वेट ट्रेनिंग शिकवते, स्टेजची तयारी करणाऱ्या मुलीही येतात माझ्याकडे, तर सरळच सांगते, बक्षिसांवर पोट भरत नाही. जवळपास कुणाचंच नाही. ज्या टिकल्या त्या दुसऱ्या कमाईवर टिकल्या, प्रो कार्ड, म्हणजे प्रो स्पर्धांत उतरायचा परवाना, आणि टायटल ती कमाई आणायला उपयोगी पडलं एवढंच.

आधी फिगर काय ते घरच्यांना दाखवा, कारण त्यांच्या डोळ्यासमोर नक्की ते भले मोठे दंड वगैरे असणार. तो बायकांच्या बॉडीबिल्डिंगचा वेगळा गट, त्याची सगळ्यात मोठी प्रो स्पर्धा मिस ऑलिंपिया १९८० पासून आहे. फिगरची तशीच स्पर्धा, फिगर ऑलिंपिया, २००३ ला सुरू झाली, पहिली तीन वर्षं डवाना मेडिना जिंकली. यात गोल खांदे, पाठीचा व्ही आणि बारीक कंबर बघतात, पण अंग फारच सुकलेलं, मसलवर रेघा उठलेल्या दिसल्या तर ते उलट अंगावर येतं. दंड फुगवून दाखवायच्या पोज नाहीतच, हील्स घालून उभं राहायचं आणि सांगतील तसे क्वार्टर टर्न, म्हणजे पाव-पाव वळणं, घ्यायचे. वाचायला सोपं वाटतं, पण पोट आत, लॅट्स (पाठीचे रुंद स्नायू) उघडे, वर चेहऱ्यावर हसू असं जरा वेळ उभं राहून बघा घरी, पायात गोळे येतात.

आता करिअर म्हणाल तर मी नेहमी एरिन स्टर्न आणि निकोल विल्किन्स या दोघी अमेरिकन प्रोंचं सांगते. फिगर ऑलिंपिया २००९ निकोल, २०१० एरिन, २०११ निकोल, २०१२ एरिन, आणि मग २०१३ नि २०१४ परत निकोल, सहा वर्षं टायटल या दोघींतच फिरत होतं. एरिन फ्लोरिडा युनिव्हर्सिटीची हाय जंपर, फिगरमध्ये आल्यावरही ट्रॅकवर स्प्रिंट मारणारी. निकोल मिशिगनची, लहानपणापासून जिम्नॅस्टिक्स, तिच्याकडे फिटनेस (हाही बायकांचा एक वेगळा गट) आणि फिगर दोन्हीचं प्रो कार्ड. म्हणजे दोघींचा पाया खेळात आधीच घातलेला होता, जिममध्ये दोन वर्षं घाम गाळून असे खांदे आणि अशी पाठ येत नाही हो, इन्स्टावर कुणी काहीही म्हणो. आणि निकोल चार वेळा ऑलिंपिया जिंकूनही तिचं काम काय, तर ऑनलाइन कोचिंग, सप्लिमेंट कंपनीची स्पॉन्सरशिप, फोटोशूट, सेमिनार. पैसा तिथून येतो.

बक्षिसाचा अंदाज हवा असेल तर २०२४ च्या मिस्टर ऑलिंपियाला, म्हणजे पुरुषांच्या विजेत्याला, ६ लाख डॉलर मिळाले, फिगरचं बक्षीस त्याच्या पासंगालाही नाही, आणि ते ऑलिंपिया जिंकणाऱ्या एकीला. बाकीच्या प्रो बायका छोट्या शोमध्ये पहिल्या आल्या तरी तिकीट, हॉटेल, कोचची फी, टॅन (स्टेजसाठी अंगाला लावायचा गडद रंग) आणि तो खडे लावलेला सूट यातच बक्षीस संपतं, बरेचदा पदरचेच जातात. सूट तर असा महाग की मुली एकमेकींचे सेकंडहँड विकत घेतात.

मला स्वतःला सगळ्यात आवडते ती सिडनी गिलॉन. एमरी युनिव्हर्सिटीतून शिकलेली, प्रो झाल्यावर ही बाई सर्व्हायव्हर या अमेरिकन रिअॅलिटी शोच्या कंबोडियातल्या सीझनमध्ये गेली, तो २०१६ ला दाखवला. तिथं धड खायला नाही, झोप नाही, कमावलेला मसल डोळ्यादेखत उतरतो, आणि ही शेवटच्या चौघांत पोचली. आमच्याकडच्या मुली आठवडाभर लग्नघरी जायचं म्हटलं तरी टेन्शन घेतात! तिनं ते सगळं परत भरून काढलं आणि २०१७ ला फिगर ऑलिंपिया जिंकली, मग पुढची कितीतरी वर्षं सोडलीच नाही.

आपल्याकडचं उदाहरण हवं तर पुण्यातच आहे. दीपिका चौधरी, एनआयव्हीत, म्हणजे व्हायरॉलॉजीच्या संस्थेत काम करता करता आयएफबीबी या बॉडीबिल्डिंगच्या आंतरराष्ट्रीय संघटनेची फिगर प्रो झाली, भारतातली पहिली म्हणून तिचं नाव घेतात. लॅबची नोकरी सांभाळून हे केलं, हे तुमच्या ताईंना मुद्दाम सांगा, कारण मला हाच रस्ता शहाणपणाचा वाटतो.

रोजचं आयुष्य विचाराल तर कंटाळवाणं असतं. वर्षातले बरेचसे महिने ऑफ सीझन, पोटभर खाऊन मसल वाढवायचा, मग शोच्या आधी चार-पाच महिने प्रेप, म्हणजे स्टेजची तयारी. वजन केलेला भात, चिकन, अंड्याचा पांढरा भाग, पहाटे कार्डिओ, संध्याकाळी वेट्स, डबा घेऊनच सगळीकडे. शेवटच्या आठवड्यांत चिडचिड, थंडी वाजणं, झोप न लागणं आलंच, आणि खाणं गरजेपेक्षा खूप कमी झालं की पाळी थांबते. यावर कोच लोक सर्रास 'नॉर्मल आहे' म्हणतात, मला ते अजिबात पटत नाही, पाळी महिनोन्महिने बंद राहिली तर हाडांवर परिणाम होतो, डॉक्टरला दाखवायलाच हवं. शोनंतर तर अजून अवघड, भूक आवरत नाही, वजन भराभर चढतं, आणि जे शरीर एका दिवसापुरतं तसं दिसत होतं तेच खरं आपलं असं वाटून आरशात बघवत नाही. चांगल्या मुली यातच खेळ सोडतात.

आणि औषधांचं घरच्यांसमोर कुणी बोलत नाही म्हणून मी बोलते. मसल वाढवणारी अ‍ॅनाबॉलिक स्टेरॉइड आणि चरबी उतरवायला घेतात ते क्लेनब्युटेरॉल या खेळात आहेत, बायकांच्या गटांतही आहेत. स्टेरॉइडनं बाईचा आवाज एकदा घोगरा झाला की बंद केल्यावरही तो पहिल्यासारखा होईलच असं नाही. कोचनं पहिल्याच प्रेपमध्ये गोळी सुचवली तर तिथून बाहेर पडायचं. अशा औषधांची टेस्ट करणाऱ्या नॅचरल फेडरेशन वेगळ्या असतात, सुरुवात तिथं करता येते.

तर भाचीला लगेच नाही म्हणू नका, नोकरी नाहीतर शिक्षण चालू ठेवून आधी एक-दोन अमॅच्युअर शो नुसते बघून येऊ दे, सकाळच्या प्रीजजिंगपासून (परीक्षकांची पहिली फेरी) रात्रीच्या फायनलपर्यंत बसून, बॅकस्टेजला कुणी ओळखीचं असेल तर तिथंही. आणि फिगरच करायचं असंही नाही, खांदे अरुंद आणि मांड्या भरदार असतील तर वेलनेस हा गट जास्त जमेल, मसल कमी असेल तर बिकिनी हा गट. तिचं वय आणि आधी कुठला खेळ खेळलीय ते कमेंटमध्ये लिहा, मग यातलं काय ते सांगते.