पॅलाडिन घेतलास? मग स्माइट नीट समजून घे

डन्जन्स अँड ड्रॅगन्स या फासे टाकून खेळायच्या भूमिका-खेळात पहिलंच पात्र पॅलाडिन, म्हणजे पवित्र योद्धा, घेतलंस, फार छान केलंस. पण गट २०१४ चे नियम खेळतोय की २०२४ चे, हे डीएमला (खेळ चालवणाऱ्याला) आधी विचार. जुन्या नियमांत डिव्हाइन स्माइट, म्हणजे वारात दैवी शक्ती ओतणं, हा मंत्र नव्हता. शस्त्राचा वार लागला की पहिल्या लेव्हलचा स्लॉट (मंत्र टाकायला खर्चायचा मोजका साठा) खर्चून २डी८, म्हणजे आठ बाजूंचे दोन फासे, इतकं जादा डॅमेज (इजा) मिळायचं, आणि एका टर्नमध्ये दोन वार लागले तर दोनदा. २०२४ मध्ये तो मंत्रच झाला आणि त्याला बोनस ॲक्शन (टर्नमधली एकच जादा छोटी कृती) लागते, म्हणजे टर्नला एकदाच. मला हा बदल मनापासून पटला. टेबलावरच्या इतरांनाही वाव मिळतो.

दोन्हीकडे निर्णय वार लागल्यानंतर घ्यायचा असतो, म्हणून स्लॉट उधळू नकोस. नॅचरल २० (वाराच्या वीस बाजूंच्या फाशावर थेट २०) पडला की स्माइटचे फासेही दुप्पट होतात, तेव्हा हात सैल सोड.

कॉन्सन्ट्रेशनचं मात्र भान ठेव: काही मंत्र चालू ठेवायला एकाग्रता लागते, आणि ती एका वेळी एकाच मंत्रावर. ब्लेस चालू असताना शील्ड ऑफ फेथ हा असाच दुसरा मंत्र टाकलास, की ब्लेस संपलं. शिवाय मार बसला की कॉन्स्टिट्यूशन सेव्ह (तग धरायचा फासा, चुकला तर मंत्र तुटतो): डीसी, म्हणजे गाठायचा आकडा, १० किंवा डॅमेजच्या निम्मं, जे जास्त असेल ते.

आणि पुढे कुणी बूमिंग ब्लेड हा शस्त्राने वार करायचा मंत्र घ्यायला सुचवलं, तर थांब. त्यात तलवार फिरते खरी, पण ती मंत्राची ॲक्शन आहे, अटॅक ॲक्शन नव्हे. पाचव्या लेव्हलला अटॅक ॲक्शनसोबत मिळणारा एक्स्ट्रा अटॅक (दुसरा वार) त्या टर्नला मिळत नाही.