इनडोअर फुटबॉलमध्ये घातलेली वर्षं वाया जातात का?

प्रश्न: माझा भाचा इथे अमेरिकेत कॉलेजकडून अमेरिकन फुटबॉल खेळला, रिसीव्हर म्हणून, म्हणजे पळत जाऊन फेकलेला चेंडू झेलणारा. एनएफएल या इथल्या सगळ्यांत मोठ्या व्यावसायिक लीगच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या निवडीत, नाव आलं नाही. आता इनडोअर लीगमध्ये खेळायचं म्हणतोय. त्यात पैसे किती मिळतात? तिथून एनएफएलमध्ये जाता येतं का? की चार-पाच वर्षं वाया जातील?

उत्तर:

तुमच्या प्रश्नात शेवटी 'वाया' हा शब्द आहे, म्हणून लिहायला बसलो. हा शब्द मी तेवीस वर्षांचा असताना आमच्या घरात माझ्यासाठी वापरला गेला होता.

आधी पैशाचं. पैसे नाहीत. 2016 साली इनडोअर खेळणाऱ्या माझ्या शेजाऱ्याला एका सामन्याचे 225 डॉलर मिळत. हंगाम साधारण मार्च ते जुलै, तेवढ्यापुरती राहायची सोय संघाची. बाकीचे महिने तो गोदामात रात्रपाळी करायचा, नाहीतर शाळांमध्ये बदली शिक्षक म्हणून जायचा. एनएफएलच्या नुसत्या प्रॅक्टिस स्क्वॉडवर, म्हणजे सरावापुरत्या राखीव खेळाडूंत, असलेल्या पोरालाही 2024 साली आठवड्याला किमान 12,500 डॉलर मिळत होते. एवढ्यावर काय तो हिशोब करा.

आता एनएफएल. आम्ही आयोवा राज्यात डे मॉइनला राहतो, त्यामुळे कर्ट वॉर्नरची गोष्ट इथे जो तो सांगतो. हाय-व्ही दुकानात तासाला साडेपाच डॉलरवर फळ्यांवर माल लावणारा माणूस, इथल्याच आयोवा बार्नस्टॉर्मर्सकडून तीन हंगाम इनडोअर खेळला आणि पुढे सुपर बोल, म्हणजे एनएफएलचा अंतिम सामना, जिंकला. गोष्ट खरी आहे. पण वॉर्नर क्वार्टरबॅक होता, चेंडू फेकणारा. तुमचा भाचा रिसीव्हर आहे, त्याचं गणित वेगळं. इनडोअरचं मैदान 50 यार्ड लांब आणि 85 फूट रुंद, लांबी-रुंदी दोन्ही बाहेरच्याच्या जवळजवळ निम्मी. अकराच्या जागी आठ खेळाडू. आणि इथे रिसीव्हरला स्नॅपच्या, म्हणजे चेंडू खेळात येण्याच्या, आधीच पुढे धावत सुटायची मुभा असते. बाहेर त्याला उभ्या जागेवरून निघावं लागतं, समोर अडवायला उभ्या असलेल्या कॉर्नरबॅकचा हात छातीवर असताना. म्हणून इनडोअरला एका हंगामात कितीही टचडाउन केले, म्हणजे चेंडू शेवटच्या पट्ट्यात नेला, तरी एनएफएलवाले ते आकडे निम्मेच धरतात. तरी पोचलेले आहेत. माइक फरी अरीना फुटबॉल लीग या इनडोअर लीगमधून वर गेला आणि 2006 साली डेट्रॉइट लायन्सकडून त्याने 98 झेल घेतले, एनएफसी या एनएफएलच्या अर्ध्या गटात सगळ्यांत जास्त. अँथनी आर्मस्ट्राँग टेक्सासात ओडेसाच्या इनडोअर संघाकडून खेळला होता. 2010 साली वॉशिंग्टनच्या एनएफएल संघाकडून त्याचे झेलांवर 871 यार्ड झाले. अशी नावं शोधून शोधून काढावी लागतात. भाच्याने त्या आशेवर जाऊ नये.

मग कशासाठी जावं? त्यासाठी शेजाऱ्याबद्दल सांगावं लागेल.

तो आमच्या खालच्या मजल्यावर त्याच्या बहिणीकडे राहायचा. ओळख झाली ती माझ्या मुलामुळे. मुलाला मी गालिच्यावर कबड्डीतली घोट्याची पकड शिकवत होतो, दार उघडं होतं, आणि हा जिन्यात थांबून बघत राहिला. हा कुठला खेळ म्हणून विचारलं. मी वाळवा तालुक्यातला, आमच्या मंडळाकडून सहा वर्षं डावा कोपरा खेळलो. त्याला म्हटलं, साडेसहा मीटर बाय दहा मीटरमध्ये सातजण उभे, आणि एक माणूस दम धरून आत येतो. त्याला लगेच कळलं की कोपऱ्याने आधी हलायचं नसतं, चढाईवाल्याचा पाय पडेपर्यंत थांबायचं असतं. म्हणाला, आमचंही तसंच, जागाच नसते, त्यामुळे पायाआधी डोकं पोचावं लागतं. बारा वर्षं अमेरिकेत काढली होती, पण मला माझा खेळ समजावून सांगायला न लागलेला हा पहिला माणूस.

तोवर सहा वर्षांत त्याचे सात संघ झाले होते. त्यातले तीन बंदच पडले. या धंद्यात संघ बंद पडणं नवीन नाही, खुद्द अरीना फुटबॉल लीगने 2009 चा अख्खा हंगाम रद्द करून दिवाळं काढलं होतं. 2016 च्या मार्चमध्ये सातव्या संघाने त्याला कट केलं. शेवटच्या दोन सामन्यांचे पैसे दिले नाहीत, ते आजपर्यंत आलेले नाहीत. उजव्या हाताची करंगळी सांध्यातून निसटलेली, शेजारच्या बोटाला टेपने बांधलेली, अशा अवस्थेत बुधवारी रात्री घरी आला. गुरुवारी चार वाजता नेब्रास्का राज्याच्या पश्चिमेकडच्या एका संघाचा फोन. दोन रिसीव्हर जखमी आहेत, शनिवारी सामना आहे, उद्या सकाळी येशील का? तो हो म्हणाला. पण त्या हाताने एवढा वेळ स्टिअरिंग धरवणार नव्हतं. मी शुक्रवारची रजा टाकली.

पहाटे तीनला निघालो. इंटरस्टेट 80 सरळसोट पश्चिमेला जातो. संघाने त्याच्या फोनवर सगळे डाव पाठवले होते, साठ-सत्तर तरी असतील. ओमाहाच्या पुढे आम्ही पेट्रोलला थांबलो आणि तिथून गाडी त्याने घेतली, म्हणाला, थोडा वेळ चालवतो, तू वाच. मी डावाचं नाव वाचायचो, तो त्या डावात आपण कुठे पळायचं ते सांगायचा. मग म्हणाला, आता उरलेल्या दोघा रिसीव्हरांचंही विचार. मी म्हटलं, तुला तुझ्या जागेपुरतं पुरे ना? तर नाही. त्याचं म्हणणं असं, की ज्याला गुरुवारी बोलावतात त्याला शनिवारी कुठल्याही जागेवर उभं करतात. वेगवान पोरं ट्रायआउटला शंभर येतात. दोन दिवसांत तिन्ही जागांचं पाठ करून येणारा एखादाच असतो, आणि आपली रोटी त्यावर आहे. दीड तासाने हात दुखायला लागला तसं मी परत चालवायला घेतलं. आता तो स्वतःच मोठ्याने म्हणत होता, डाव आणि तिन्ही वाटा, पाढे म्हणावेत तसे.

ग्रँड आयलंडच्या जवळ उजाडलं. प्लॅट नदीच्या पात्रातून क्रौंच पक्षी उठत होते, हजारो. मार्चमध्ये ते तिथे उतरतात. दोन मिनिटं गाडी बाजूला घेतली. त्याने मान वर केली, बघितलं, आणि पुन्हा फोनमध्ये डोकं घातलं.

शनिवारी त्याने चार झेल घेतले, एक टचडाउन. फार नाही. पण तिसऱ्या झेलाला तो कडेच्या गादी लावलेल्या भिंतीवरून उलटा पहिल्या रांगेत पडला, चेंडू हातातच. बोटावरचा टेप सुटून लोंबत होता. त्याने दुसऱ्या हाताने आणि दातांनी तो परत बांधला आणि पुढच्या डावाला जागेवर उभा. त्या डावात चेंडू त्याच्याकडे येणारच नव्हता. तरी तो तेवढ्याच जोरात पळाला, एका बचाववाल्याला मागे ओढत घेऊन गेला, आणि मोकळ्या जागेत दुसऱ्याने टचडाउन केला. हे आकड्यांत कुठेच येत नाही. सामन्यानंतर मैदानावर पोरासोरांना सह्या देत तो तासभर उभा होता.

मी तिथूनच दादाला फोन लावला. सांगलीत रविवारची सकाळ होती. मी भरभरून सांगत होतो. दादाने विचारलं, "त्याला किती मिळाले?" मी सांगितलं. "मग पेट्रोल तरी सुटलं का?"

हा तोच दादा. 2003 मध्ये मी जिल्ह्याच्या संघात येईन असं सगळे म्हणत होते, तेव्हा त्याने अंगणात सगळ्यांसमोर सांगितलं होतं की सहा वर्षं वाया घालवलीस, आता पुरे. त्याने माझी फी भरली होती, घर चालवलं होतं, त्याला उलट बोलण्याची माझी हिंमत नव्हती. मी बूट माळ्यावर टाकले. 2014 ला प्रो कबड्डी सुरू झाली तेव्हा मी चौतीस वर्षांचा होतो. मी तिथे पोचलो असतो असं माझं म्हणणं नाही, बहुधा नसतो पोचलो. माझं म्हणणं एवढंच आहे की सोडायचं केव्हा ते मी ठरवायला हवं होतं. जिल्ह्याची निवड होऊ द्यायची होती. नाव आलं नसतं तर मी स्वतःच्या पायांनी घरी आलो असतो. शेजारी 2018 ला थांबला, एका सकाळी भिंतीला खांदा लागल्यावर त्याला स्वतःलाच कळलं, आणि त्यानंतर मी त्याला एकदाही हळहळताना बघितलेलं नाही. मी अजून हळहळतो. वाया गेलेलं कुणाचं, ते तुम्हीच सांगा.

म्हणून भाच्याला थांबवू नका. आईवडिलांनी, मामा-मावशीने तर मुळीच नाही.

पण काही गोष्टी त्याला बजावून सांगा. दुखापत झाली की त्याच दिवशी लेखी नोंद करायला लावायची, त्या कागदाची प्रत स्वतःकडे ठेवायची. शेजाऱ्याच्या करंगळीचं ऑपरेशन पुढे कामगार भरपाईतून झालं ते केवळ त्या एका कागदामुळे, खांद्याची नोंद त्याने केली नाही आणि ते बिल अजून तो स्वतः फेडतोय. करार करण्याआधी त्या संघाच्या गेल्या वर्षीच्या दोन खेळाडूंना फोन करून पैसे वेळेवर आले का ते विचारायचं. डिग्री पूर्ण करूनच जायचं. भाचा स्टुडंट व्हिसावर असेल तर काम करायच्या परवानगीचं वकिलाला आधी विचारा. डोक्याला मार लागला तर मात्र मी वर लिहिलेलं सगळं विसरा आणि त्याला घरी आणा. शेजाऱ्याला दोनदा लागला होता, त्या दोन्ही रात्री त्याच्या बहिणीने जागून काढल्या होत्या. त्याच्याकडे बहीण होती, भाडं मागत नव्हती, हेही मी आधीच लिहायला हवं होतं.

आता तो इथल्याच एका शाळेत खेळ शिकवतो आणि रिसीव्हरांचा कोच आहे. दादा म्हणतो, बघ, शेवटी नोकरीच. सप्टेंबरमध्ये दादा-वहिनी आमच्याकडे येणार आहेत. दुपारी साडेतीनला त्या पोरांचा सराव असतो. तो प्रत्येकाला तिन्ही जागा पाठ करायला लावतो, चुकला की पहिल्यापासून. दादाला मी तिथे कुंपणापाशी घेऊन जाणार आहे.